सातवा दोर

बंद गिरणीच्या चिमणीला दोर सात.
वर बेटं सहा.
सातव्या दोराचाही पहारा असतो.
लंगर पलटणीच्या वहीत त्याचा रकाना अजून आहे.

बेटांच्या बुडाखाली मुळं लोंबतात.
रात्र गार झाली की त्यांतून माती सुटते
आणि आमच्या मुंडाशांवर पडते.
झटकायची नाही, असा नियम.
सकाळी हवालदारासमोर सुपात गोळा करायची,
टोपलीतून वर धाडायची.
ज्याची माती त्याला.

इथं भरतीला बंदूक देत नाहीत,
घरच्या मागाचा धोटा आणायचा.
मी आजोबांचा आणला. टोकांना पितळ,
पोटात निळ्या सुताची कांडी, अर्धी संपलेली.
गड्डम राजलिंगू हवालदारानं तळहातावर तोलला :
"चालतंय बे. यानं माणूस मरत नाही,
दोर मात्र सांधला जातोय."

एकेका दोरात बाराशे धागे.
साखर पेठेनं दिलेले, दाजी पेठेनं दिलेले,
काही विड्या वळणाऱ्या बायकांनी
बोटांना तंबाखूचा वास असताना पिळलेले.
अंधारात नाकानं ओळखते मी
कुठला पदर कुणाचा.

शत्रूला आम्ही कातरे म्हणतो.
अक्कलकोट रस्त्याच्या अंगानं येतात,
वाऱ्यावर मांड टाकून,
मेंढरं भादरायच्या कातऱ्या घेऊन.
एकोणीस वर्षांत दोनदा आले.
एकदा दस्तगीरची तीन बोटं नेली,
एकदा नुसत्या घिरट्या घालून परतले.
मे महिन्यात सोलापूरवर
कुणी फार वेळ तरंगत नाही.

आणि सातवं बेट?
वहीत लिहिलंय : कातऱ्यांनी तोडलं,
चैत्र वद्य नवमी, तिसरा पहारा.
पहारा माझा होता.
वर घरं एकोणचाळीस, आड एक,
माझी धाकटी बहीण नरसव्वा, तिचे दोन माग.

दोर खाली आला तो सावकाश आला,
वेटोळ्यावर वेटोळं,
दमून बसणाऱ्या म्हशीसारखा.
मी टोक हातात घेतलं.
तुटलेलं सूत कुसळासारखं टोचतं.
हे टोचत नव्हतं.
बाराशे धागे, एकेक करून सोडवलेले,
आणि शेवटी मेणाचं बोट ओढलेलं,
विसकटू नयेत म्हणून.
असं मेण फक्त आमच्या घरात लावतात.

राजलिंगूनं कंदील जवळ आणला.
बराच वेळ काही बोलला नाही.
मग डब्यातली कडक भाकरी बाजूला ठेवली,
खालची सुरी काढली
आणि ते टोक हातभर कापून टाकलं.
"आता तुटलंय," म्हणाला. "लिही."
मी लिहिलं.

गेल्या वर्षी तो गेला.
धोटा त्याच्या छातीवर ठेवून दिला.
कापलेला हातभर तुकडा माझ्या ट्रंकेत आहे,
लुगड्यांच्या खाली.

नवी पोरं विचारतात,
"आक्का, रिकाम्या दोराला राखायचं कशाला?"
मी त्यांना गाठ शिकवते.
आधी बांधायची.
मग, वहीत न लिहिता, सोडायची.
गोविंदू नावाचं एक पोरगं आहे, बोटं चांगली आहेत त्याची,
ते माझ्याकडे बघत राहतं
आणि काही विचारत नाही.

काल तिसऱ्या पहाऱ्याला
हिप्परग्याकडून वारा आला, पाण्याचा वास घेऊन.
मी सातव्याखाली उभी होते.
वर चांदण्यांशिवाय काही नव्हतं.
मुंडाशावर काहीतरी पडलं.
चिमूटभर. ओलसर.

सुपात टाकायची तर
वहीत कुठल्या बेटाची लिहायची?
मी मुंडासं तसंच अलगद काढून
पायरीवर ठेवलं
आणि दोराच्या टोकाला
मेण लावायला बसले.